पहिला फोटो जळतो

दार धाडकन उघडलं आणि डार्करूममध्ये लख्ख उजेड शिरला. टेबलावर मांडलेले फोटोचे कोरे कागद तिच्या डोळ्यांदेखत वाया गेले.

"बाहेरचा लाल दिवा दिसला नाही?" ती कडाडली.

दारात लष्करी गणवेशातला उंच तरुण. गळ्यात नवाकोरा कॅमेरा, चेहऱ्यावर ओशाळं हसू. हे हसू तिनं कुठंतरी पाहिलं होतं...

"तुम्ही... सिनेमात मरता ना?"

"दर वेळी!" तो खुलला. "तिसरा शिपाई. एक वाक्य बोलायचं, गोळी खायची, आडवं व्हायचं. म्हटलं, आता खऱ्या शिपायांचे फोटो काढावेत. परवा आघाडीवर निघालोय."

म्हणजे लष्कराचा नवा छायाचित्रकार हाच! याचे रोल तिलाच धुवायचे होते. तिनं कपाळावर हात मारला आणि त्याला रोल भरायला शिकवलं.

"भरताना रोलच्या टोकावर उजेड पडतो. पहिला फोटो अर्धा जळतो. तिथं कामाचं काही टिपू नका."

"मग बिनकामाचं टिपतो," त्यानं डोळे मिचकावले. "स्वतःला!"

"आगाऊच आहात," ती म्हणाली—आणि दिवसभर उगीचच हसत राहिली.

आघाडीवरून रोल येऊ लागले. खंदक, रणगाडे, थकलेले जवान... आणि प्रत्येक रोलच्या तोंडाशी अर्धा जळलेला तो. कधी चिखलानं माखलेले बूट, कधी गालावर साबणाचा फेस, कधी नुसतं नाक. तो तुकडा कापून ती हळूच पर्समध्ये टाकायची. लष्करी साहेबांना काय करायचंय त्याच्या नाकाशी!

"सिनेमावाल्याचा काय भरवसा?" बाबा कुरकुरायचे. लेकीचं लक्ष कुठं आहे, ते त्यांना कळत होतं.

मग एक रोल आला आणि त्याच्या पहिल्या फोटोत तो नव्हताच. नुसता धूर! तिच्या काळजात चर्र झालं. पुढं नदी. छातीभर पाण्यातून जखमी सोबत्याला खांद्यावर घेऊन येणारा जवान, समोरून, अगदी जवळून. म्हणजे हा वेडा त्याच पाण्यात, गोळ्यांसमोर उभा होता! उरलेला रोल कोरा होता.

तिनं तो फोटो जीव ओतून छापला. दुसऱ्या दिवशी तो सगळ्या पेपरांत पहिल्या पानावर झळकला. खाली त्याचं पूर्ण नाव. तिसरा शिपाई नव्हे, नाव! बाबा पेपर घेऊन गल्लीभर फिरले. "नाव काढलं हो पोरानं! आमच्या ओळखीतला आहे बरं!"

तिचा ऊर भरून आला. पण तो होता कुठं? कुणालाच सांगता येईना. तिचा जीव टांगणीला लागला.

महिनाभरानं डार्करूमच्या दारावर टकटक झाली.

"लाल दिवा दिसतोय... थांबतो बाहेर."

तिनं धावत जाऊन दार सताड उघडलं. डावा हात गळ्यात अडकवलेला, पण तोच—जिवंत!

"कागद गेले ना तुमचे!"

"जाऊ देत!" ती रडत हसली. "मेला नाहीत?"

"सवय मोडली." मग तो जरा घुटमळला. "नायक करतो म्हणतायत सिनेमात. मी नको म्हटलं. हात बरा झाला की परत जायचंय... तुम्ही अडवाल?"

"नाही अडवणार," ती म्हणाली. "मान ताठ ठेवून वाट बघेन."

तिनं त्याच्या कॅमेऱ्यात नवा रोल भरला आणि भिंतीचा फोटो काढला. मग पुन्हा भिंतीचाच.

"अहो, मी इकडे आहे!"

"वाया जाणारं जाऊ दे आधी." तिनं कॅमेरा टेबलावर ठेवला, टायमर लावला आणि त्याच्या शेजारी, अगदी खेटून उभी राहिली. "तुमची जागा त्या जळक्या पहिल्या फोटोत नाही... इथं आहे."

"अर्धा जळेल का हा?" त्यानं हळूच विचारलं.

"नाही. हा पूर्ण येणार."