दाक्षायणी कुणाशी बोलते

यंत्रमागाच्या शेडमध्ये कुणी आवाज चढवत नाही, उपयोगच नसतो. त्या खडखडाटात आम्ही एकमेकांचे ओठ बघून बोलतो. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत माझं आयुष्य चादरी विणण्यात गेलं. समोरच्यानं नुसते ओठ हलवले तरी मला कळतं.

घरी आल्यावर मात्र कानाला शांतता हवी. माझ्या बायकोला, दाक्षायणीला, ते कधी पटलं नाही. मी जेवताना मोबाइल बघत असलो की हिची टकळी सुरू. शेजारणीचं, गुडघ्याचं, गच्चीवर वाळत घातलेल्या मिरच्यांचं. "जरा तोंड मीट की," एवढंच म्हणालो. कुठला नवरा म्हणत नाही?

ती गप्प झाली ती झालीच. मला बरं वाटलं.

मग एका संध्याकाळी स्वयंपाकघरात पाहिलं. ती भाकरी थापत होती आणि तिचे ओठ हलत होते, बिनआवाजाचे. समोर रिकामा पाट. ती बोलायची, थांबून ऐकायची आणि पदर तोंडाला लावून हसायची. फोन बाहेर चार्जिंगला होता.

मी ओठ वाचले. "गुडघा आज बरा हाय. तुमी इचारलं, तेवढंच लई झालं."

मी नेहमीच्या खुर्चीवर येऊन बसलो. टम्म फुगलेली भाकरी तिनं पाटापुढच्या ताटात वाढली. मला कालची कडक भाकरी आणि शेंगाचटणी, तीही माझ्याकडं न बघता. हेवा वाटला, खोटं कशाला बोलू. रिकाम्या पाटाचा हेवा! मी तरातरा उठलो आणि त्या पाटावर जाऊन बसलो.

पाट कोमट होता.

दाक्षायणीनं मी आत्ताच सोडलेल्या खुर्चीकडं बघून ओठ हलवले, "तितं का जाऊन बसलात?"

आणि ताट उचलून तिकडं नेलं.

"दाक्षायणी, अगं माझ्याशी बोल की!"

बाहेरून कसला तरी आवाज येत असल्यासारखी तिनं खिडकी लावून घेतली.

तेवढ्यात फोन वाजला. पुण्याहून आमची मुलगी, काव्या. दाक्षायणीनं बाहेरून फोन आणून व्हिडिओ खुर्चीसमोर धरला.

"अप्पा," काव्या हसत होती, "हल्ली किती छान बोलता हो तुम्ही! मी लहान असताना का नाही बोललात असं?"

मी धावत खुर्चीमागं गेलो, फोनकडं बघून हात हलवले.

काव्याचं हसू थांबलं. "आई, अप्पांच्या मागं कोण उभं आहे?"

दाक्षायणीनं मान वर करून माझ्या तोंडाकडं नीट पाहिलं.

"कुणी न्हाय गं," ती म्हणाली. "तू बोल अप्पांशी."