प्रियदर्शनीकडे घरंगळणारी गोटी

"तू गोटीला हात लावलास," श्रिया म्हणाली.

"मी इथं बसलेय. गोटी तिथं होती."

"मग ती तुझ्याकडे आली कशी?"

"तिलाच विचार," प्रियदर्शनी वैतागून म्हणाली.

उन्हाळ्याची सुट्टी लागली होती, पण सकाळपासून एक डाव धड झाला नव्हता. कुणीही गोटी मारली, तरी ती वळून प्रियदर्शनीच्या पायाशी येऊन थांबायची.

त्यांचं घुमेवाडी म्हणायला वाडी. प्रत्यक्षात ते निरवांगी गावाच्या आभाळात, उसाच्या फडांवर तरंगणारं शहर होतं. रोज सकाळी अर्धं शहर दोरांच्या पाळण्यांतून खाली उतरायचं आणि मोटारसायकली काढून बारामती एमआयडीसीत कामाला जायचं. उरलेले कारागीर वर राहायचे. तांब्या-काशात आवाज बसवायची विद्या त्यांच्याकडे होती. त्यांच्या हातोड्या पडल्या, चार माणसं बोलली, की भिंतींत बसवलेले घडे घुमायचे आणि शहराला उचलून धरायचे. शहर आवाजावर तरंगतं, हे पहिलीतल्या पोरालाही पाठ होतं.

गेल्या महिन्यापासून मात्र शहर कलत होतं. कधी पूर्वेला, कधी पश्चिमेला. कढईतलं तेल एका कडेला जमायचं. नगरप्रमुख हिंदुरावांनी समिती नेमली. तिने आणखी एक समिती नेमली. त्या समितीने सांगितलं, की चौकात टांगलेला काशाचा मोठा थाळा सदोष आहे. रविवारी तो उतरवून भंगारात द्यावा.

तो थाळा प्रियदर्शनीच्या बाबांनी, म्हणजे संघपालनी, केला होता. तो टांगला आणि आठवड्याने बाबा गेले. त्यांच्या हातचं ते शेवटचं काम.

"हिंदुरावकाकांना सांग ना, थाळा चांगला आहे म्हणून," श्रिया म्हणाली.

"सांगितलं. त्यांनी माझ्या डोक्यावरून हात फिरवला."

"आणि?"

"आणि काही नाही. हातच फिरवला."

धम्मदीपने पुन्हा गोटी मारली. ती वळू लागली, तसा तो ओरडला, "ए भवाने, तिकडं कुठं निघालीस? रिंगण हितं हाय!"

गोटी जागच्या जागी थांबली.

"शू," श्रिया दबक्या आवाजात म्हणाली. "हिच्यासमोर कशाला ओरडतोस? जरा भान ठेव."

धम्मदीप ओशाळून गप्प झाला. गोटी पुन्हा घरंगळली आणि प्रियदर्शनीच्या अंगठ्याला टेकली.

तिघांनी एकमेकांकडे पाहिलं.

"परत ओरड," प्रियदर्शनी म्हणाली.

"काय ओरडू?"

"काहीही."

"मला आमरस पायजे!" धम्मदीपने बोंब ठोकली. गोटी हलेना.

मग प्रियदर्शनी कारागिरांच्या आळीतून चालत निघाली. पाण्याने भरलेलं ताट घेऊन श्रिया तिच्या मागे. आळीत हातोड्यांचा नुसता कल्ला होता. प्रियदर्शनी पहिल्या दुकानापाशी आली आणि तिथली हातोडी थांबली. मग दुसरी. कुणी रेडिओ बारीक केला. भाजीवाल्याशी भांडणाऱ्या सिंधुबाई शब्द अर्धाच टाकून पुटपुटल्या, "आली बघ बिचारी." ती पुढे गेली की मागचे आवाज सुरू व्हायचे, पण तोवर पुढचे थांबलेले असायचे. ताटातलं पाणी सारखं तिच्याच बाजूला झुकत होतं.

"सगळे तुझ्यासाठी थांबतात गं," श्रिया म्हणाली. "प्रत्येकाला वाटतं, आपण एकटेच थांबलो."

"मला नकोय ते," प्रियदर्शनी म्हणाली. "महिनाभर मी जाईन तिथं शांतता. घरी आईसुद्धा कुजबुजते. मला वाटायचं, माझेच कान बिघडले."

तिघं हिंदुरावांकडे गेले. प्रियदर्शनीला पाहताच त्यांनीही आवाज खाली आणला.

"बस बाळा. जेवलीस का?"

"काका, मोठ्यानं बोला. मला बघून सगळे गप्प होतात, म्हणून शहर माझ्याकडे कलतंय. थाळ्याचा काही दोष नाही."

"दुखवटा आहे, बाळा. रीत असते."

"ताटात पाणी आहे. तुम्ही स्वतःच बघा."

"समितीपुढे ठेवू."

"समिती कधी बसणार?" धम्मदीपने विचारलं.

"थाळा उतरवला की लगेच," हिंदुराव म्हणाले आणि त्यांनी पुन्हा तिच्या डोक्यावरून हात फिरवला.

बाहेर येऊन धम्मदीपने कपाळावर हात मारला. श्रिया मात्र विचारात पडली होती. ती परत आत गेली आणि अगदी गरीब चेहरा करून म्हणाली, "काका, थाळा उतरवायच्या आधी संघपालकाकांसाठी दोन मिनिटं मौन पाळायचं का?"

"वा. केवढी समज ही," हिंदुरावांना गहिवरून आलं. "सगळ्या शहराला सांगतो."

"आपण पडलो तर?" बाहेर आल्यावर धम्मदीपने विचारलं.

"पडणार नाही. वेळेवर तू बोंब मार. तुला तेवढंच येतं."

रविवारी सगळं शहर चौकात जमलं. मोहनराव मिस्त्री थाळ्याचा दोर कापायला शिडीवर चढून बसले. हिंदुरावांनी मान खाली घातली. सगळं शहर गप्प झालं.

आधी खुर्च्या सरकल्या. मग शहर खाली जाऊ लागलं. निरवांगीतलं कुत्रं स्पष्ट ऐकू आलं. कठड्यापाशी उसाचे शेंडे दिसू लागले.

"मोहनराव, दोर कापा," हिंदुराव कुजबुजले. एवढं होऊनही त्यांनी आवाज वाढवला नाही.

धम्मदीपने तोंड उघडलं, पण ऐन वेळी भीतीने त्याची बोंब निघालीच नाही.

"बोला कुणीतरी," प्रियदर्शनी म्हणाली. सगळे तिच्याकडे पाहत राहिले, त्याच कीव करणाऱ्या नजरेने. तिला भयंकर राग आला.

"माझ्या बाबांनी," ती मोठ्यानं म्हणाली, "सिंधुमावशींची कळशी दोन वर्षं दुरुस्तच केली नाही."

मग सिंधुबाईंना राहवेना.

"दोन न्हाय, तीन! कवाबी जा, 'उद्या या मावशी'. लई गोड बोलायचा मेला!"

शहर जागीच थांबलं.

"माझा तर हातोडाच नेला त्यानं," मागून कुणीतरी म्हणालं.

"आणि घोरायचा काय! आमची भिंत घुमायची."

कुणीतरी फिसकन हसलं, मग सगळेच एकदम बोलू लागले. शिडीवरून मोहनरावांनी कोयता खाली टाकला आणि थाळ्यावर हातोडी मारली. लांबलचक नाद उठला. उसाचे शेंडे खाली खाली गेले.

हिंदुरावांनी घाम पुसला. तिघांना पुढे बोलावून ते म्हणाले, "या मुलांनी शहर वाचवलं. मोठ्यांना दिसलं नाही ते यांना दिसलं. थाळा इथंच राहील." मग सवयीने त्यांचा आवाज खाली आला. "बाळा, आम्हाला तुझं फार..."

"मोठ्यानं!" सगळा चौक ओरडला.

तेवढ्यात गर्दीतून वाट काढत प्रियदर्शनीची आई पुढे आली. ती थेट सिंधुबाईंसमोर उभी राहिली.

"कळशीचा कान कुणी तोडला होता, ते पण सांगा की. खालच्या आडावर आपटली कुणी?"

"मी आपटली? अगं, तुझा नवरा..."

"मी तिथंच उभी होते!"

महिनाभरात आईचा एवढा मोठा आवाज प्रियदर्शनीने ऐकला नव्हता. शहर आणखी वीतभर वर गेलं.

"थांबवू का यांना?" श्रियाने विचारलं.

"नको," प्रियदर्शनी म्हणाली. "चालू दे."