वेळ नानांनी लिहायची

वह्या खाली आणायच्या, एवढेच काम होते. नाना जाऊन नऊ दिवस झाले होते आणि त्यांचे पुस्तक छापायला द्यायचे होते.

तळेऱ्याहून घाटाच्या गाडीने फाट्यावर उतरले की तासभराचा चढ आहे. वर नानांची खोपी. चाळीस वर्षे तिथे राहून ते रानाबद्दल लिहीत होते. कोणते झाड कधी फुलले, कोणता पक्षी कधी बोलला. शेवटी नजर गेली, तेव्हा दर रविवारी मी वर जायची. बघून यायची, त्यांना सांगायची आणि वहीत लिहायची. वेळ मात्र नाना स्वतः लिहायचे, जांभळ्या शाईने, चाचपडत, मोठ्या वाकड्या आकड्यांत.

"बघलंस ता लिही," म्हणायचे. "नाय बघलंस ता नको."

आणि मी एक ओळ न बघता लिहिली होती.

देवाच्या राईतल्या जुन्या झाडाच्या ढोलीत धनेशाची मादी बसली होती. ती आतून ढोलीचे तोंड लिंपून घेते, चोचीपुरती फट ठेवते. नर बाहेरून फळे भरवतो. पिल्लू बाहेर पडल्याची नोंद झाली की नानांचे पुस्तक पुरे होणार होते. ते अंथरुणावरून तेवढेच विचारत राहायचे. पण त्या रविवारी मला पाळी आली होती, आणि त्या दिवसांत आमच्याकडे राईत पाऊल टाकत नाहीत. हे नानांना कोणत्या तोंडाने सांगणार? मी राईबाहेर थोडा वेळ उभी राहिले आणि परत येऊन म्हटले, "नाना, पिल्लू भायर इला."

नाना किती तरी वेळ हसत राहिले. मग म्हणाले, "वेळ?"

"आठ."

त्यांनी आठ लिहिले. गुरुवारी ते गेले.

मी वर पोचले तेव्हा खोपीत नानांची बहीण होती, हौसाआत्ये. रात्री तिच्याजवळ झोपले आणि उजाडताच उठले.

"खंय जातंस गो?"

"राईत. माका एक बघूचा आसा."

"राखणदाराक गाऱ्हाणा घाल आणि मगे जा."

धुके इतके होते की झाडांचे फक्त बुंधे दिसत होते. मी राईच्या तोंडाशी, राखणदार देवाच्या दगडापुढे हात जोडून गाऱ्हाणे घातले आणि त्याला माझे खोटेही सांगून टाकले. मग आत गेले.

ढोली अजून बंदच होती.

खाली कुजलेल्या उंबरांचा वास येत होता. हळूहळू त्यात दुसरा वास मिसळला. लवंगतेलाचा. नानांच्या छातीला आम्ही तेच चोळायचो. मग माझ्या मागे, अगदी जवळ, दगडावर काठी वाजली.

टक... टक...

नाना अशीच दोनदा वाजवायचे. हलू नको, असा त्याचा अर्थ. मी हलले नाही. मागेही बघितले नाही.

तेवढ्यात ढोलीच्या आतून चोच आपटू लागली. लिंपणाचे ढेकूळ खाली पडले, मग दुसरे. मादी बाहेर आली. खूप वेळाने तिच्यामागून पिल्लू डोकावले, घाबरले, आत गेले आणि पुन्हा आले.

"नाना..." मी हळूच म्हटले, "आता खरांच इला."

वास थोडा जवळ आला... आणि मग नाहीसा झाला.

खोपीत येऊन मी विचारले, "आत्ये, नानांची काठी खंय आसा?"

"त्याच्या वांगडाच दिली गो, चितेर." ती माझ्याकडे बघत राहिली. "बस. च्या पी."

मी आधी वही उघडली. माझी खोटी ओळ बॉलपेनने खोडली. शेजारचा नानांच्या हातचा आठ मात्र माझ्याने खोडवेना. खाली खरी नोंद लिहिली. वेळेची जागा कोरी ठेवली, कारण माझ्याकडे घड्याळ नव्हते. नानांच्या उघड्या राहिलेल्या बाटलीतली शाई एव्हाना वाळून खपली झाली होती.

अंगणात आत्येबरोबर चहा प्यायले आणि वह्या फडक्यात बांधायला आत आले. आत्ये बाहेरच होती. तिला अक्षर येत नाही.

कोऱ्या जागेत जांभळ्या शाईने लिहिले होते, मोठ्या वाकड्या आकड्यांत: ७.४०.

आणि वरच्या त्या आठावर, तशीच ओली, एक रेघ होती.