दारावरचं ‘नये’

आंधळगावात त्या हिवाळ्यात भिंतींना बोलायचं वेड लागलं होतं. ग्रामस्वच्छता अभियानाची समिती तपासणीला येणार, म्हणून पंचायतीनं ठरवलं – रस्त्याकडेची एकही भिंत सुविचारावाचून ठेवायची नाही. परवापर्यंत जिच्यावर गोवऱ्या थापल्या जात होत्या, ती भिंत आता सत्य आणि परिश्रमाच्या गोष्टी सांगू लागली.

रेणूच्या दारावर थाप पडली ती अशीच, भर दुपारी. हातमाग थांबवून तिनं दार उघडलं. पुढ्यात सायकल, सायकलीला टांगलेले रंगाचे डबे आणि नाकाच्या शेंड्यावर निळा ठिपका घेऊन उभा असलेला एक माणूस.

“मी कैलाश, आंबागडचा पेंटर. तुमच्या भिंतीवर कोणता थोर माणूस पायजे, बाई?”

“जो उरला असन तो. आमच्या वाट्याले उरलेलंच येते.”

तो खळखळून हसला. तिच्या बोलण्यावर कोणी हसल्याला किती दिवस झाले होते, कोण जाणे.

सुविचारांशी रेणूचं नातं जुनं. शाळेत फळ्यावर रोजचा सुविचार लिहायचं काम तिचंच. शाळा सुटली, सवय सुटली नाही. कॅलेंडरवरचं वचन वाचल्याशिवाय ती मागावर बसत नसे. आणि नुसतं वाचत नसे, बाई पाळायची! त्यातलं एक तर तिनं उभ्या आयुष्याला लावून घेतलं होतं. लग्न ठरत आलेला तुमसरचा मुलगा दुसरीकडे वळला, ती गप्प राहिली. भाऊ भूषण बायकोला घेऊन नागपूरला निघाला, तिनं शिदोरी बांधून दिली. आई तर कोणाला न विचारताच गेली. आता घरात ती आणि मागाची खटखट. खटखट थांबली की घर इतकं गप्प व्हायचं, की स्वतःचं खोकणंसुद्धा तिला पाहुण्यासारखं वाटायचं.

“लिहा,” ती म्हणाली, “जाणाऱ्याला थांबवू नये.”

“कोण म्हणून गेलं हे?”

“नाव ठाऊक नाई. शाळेपासून पाठ आहे.”

“ज्यानं म्हटलं, त्याच्या घरचं कोणीतरी नुकतंच गेलं असन,” कैलाश ब्रश पुसत म्हणाला. “मनाले समजवायले म्हणाला असन बिचारा.”

रेणूला राग यायला हवा होता. तिनं चहा ठेवला.

दाराच्या डावीकडची भिंत त्यानं पांढरी केली आणि दुसऱ्या दिवशी लिहायला बसला. रेणू उंबऱ्यात धाग्याच्या गुंड्या सोडवत बसली. त्या तशा आतही सुटल्या असत्या.

“शेतीबाडी हाय का?”

“हाय ना. रोवणीच्या वक्ती शेतकरी, धान निघाले का पेंटर.”

“अन् मधात?”

“मधात…” ब्रश हवेतच राहिला. “मधात एकटाच जी.”

बोलता बोलता अक्षरं फुगत गेली. ‘थांबवू’ दाराच्या चौकटीला जाऊन टेकलं, आणि ‘नये’ला जागाच उरली नाही.

“तुमी बोलत राहता, माया अंदाज चुकते!”

“मंग दारावर लिहा. ते तसंबी बंदच असते.”

ती हे हसत म्हणाली होती. त्यानं मात्र क्षणभर तिच्याकडे पाहिलं, आणि दाराच्या डाव्या फळीवर ‘नये’ लिहिलं.

“दोन दिवस उघडू नका. रंग ओला आहे.”

ते दोन दिवस तो समोरची शाळा रंगवत होता. चहाचा कप मागच्या दारानं निघून, घराला वळसा घालून त्याच्यापर्यंत पोचायचा. शेजारच्या चंद्रभागाबाईंच्या नजरेतून काय सुटतं?

“रेणू, आजकाल तुया माग लय थांबते वो!”

“धागा तुटते, मावशी.”

“धागा तुटते का नजर जुळते?”

तिसऱ्या दिवशी सकाळी बंद दाराबाहेर सायकलची घंटी वाजली.

“बाई… काम झालं. बपेऱ्याले जाऊन राहिलो. तिथून वारासिवनीले, मामाच्या दुकानात. आता इकडं येणं होते का नाई –”

“बरं,” ती आतूनच म्हणाली.

“तर मंग… येतो जी.”

डबे खडखडले. रेणूनं मागाचा धोटा हातात घेतला, पण हात चालेना. थांबवू नये. थोर माणसं उगाच बोलत नाहीत. …पण ही थोर माणसं संध्याकाळी जेवायला कुठं येतात? ताटाला ताट लावून बसतात का कधी?

ती उठली. नुसता पाठमोरा दिसावा, एवढ्याचसाठी तिनं कडी काढली आणि दार सताड उघडलं.

तो गेलाच नव्हता. रस्त्यापलीकडे सायकल धरून आपलंच काम शेवटचं न्याहाळत होता. आणि एकाएकी हसू लागला.

“बाई, इकडं या. वाचा.”

ती अनवाणीच रस्ता ओलांडून गेली. वळून पाहिलं. दाराची डावी फळी आत वळली होती, आणि तिच्याबरोबर तिच्यावरचा शब्दही. भिंतीवर उरलं होतं तेवढंच – ‘जाणाऱ्याला थांबवू’.

“‘नये’ कुठं गेलं?”

“घरात गेलं, दारासंगं.”

“तुमाले ठाऊक होतं?”

“नाई जी. लिहिल्यापासून दार उघडलंच कुठं तुमी?”

रेणूनं पुन्हा वाचलं. थोरामोठ्यांचं बोलणं मधेच तोडायची तिची ही पहिलीच वेळ. पदराचं टोक बोटाला गुंडाळत, भिंतीकडेच पाहत ती पुटपुटली,

“मंग… थांबवू?”

कैलाशनं सायकलचा स्टँड लावला.

“एवढं इचारायले दोन दिवस मागच्या दारानं चहा पाजला?”

“अन् बपेऱ्याच्या भिंती?”

“भिंती काय पळून चालल्या? उद्या जाईन… अन् वापस येईन.”

तेवढ्यात अंगणातून चंद्रभागाबाई ओरडल्या, “रेणू, दार लाव वो! घरात थंडी घुसून राहिली!”

“आता नाई लावत, मावशी,” रेणू म्हणाली. “रंग ओला आहे.”