पावणेसहाची रात्र

"चार त्रेचाळीस!" विन्स्लोने सभागृहाच्या दारावरचा कागद मोठ्याने वाचला, शिंपल्यांची टोपली खाली आदळली आणि पोट धरधरून हसला. "थर्झा, वाच! परवा शनिवारी, वीस जुलैला, दुपारी चार त्रेचाळीसला सूर्याचं खग्रास ग्रहण. मग साडेपाचला सगळ्यांनी आत बीन्स खायला!"

"त्यात दात काढण्यासारखं काय आहे?"

"कारभारी क्रॅबट्रींनी ही वेळ पंचांगातनं उचललीय! त्याच पंचांगात आजची ओहोटी साडेतीनला आहे. चल माझ्याबरोबर चिखलात, आणि चर्चच्या घड्याळाकडे बघत राहा!"

साडेतीन वाजले, तरी पाणी आपलं निवांत मागे सरकतच होतं. थांबलं ते बरोबर साडेचारला!

"बघितलंस?" विन्स्लो म्हणाला. "उन्हाळ्यात आपण घड्याळं तासभर पुढे करतो. पंचांग करत नाही, आणि चंद्र तर नाहीच नाही! शिंपले काढणाऱ्या शेंबड्या पोरालाही हे माहीत असतं."

"म्हणजे ग्रहण पाच त्रेचाळीसला! आणि तेव्हा सगळं गाव आत बीन्स गिळत बसणार!" थर्झाचा चेहरा पडला. "आणि ऑर्फा आजी वाढत असणार."

ऑर्फा आजी म्हणजे थर्झाच्या आजीची बहीण. चाळीस वर्षं गावातल्या शाळेत शिकवलं तिने. एकतीस वर्षांपूर्वी, बत्तीस सालच्या ग्रहणासाठी ती अमेरिकेतलं अख्खं मेन राज्य ओलांडून पार दुसऱ्या टोकाला गेली होती आणि ढग बघून परत आली होती. आता ती एक्याऐंशी वर्षांची होती.

दोघं धावत क्रॅबट्रींच्या दुकानात गेली. एलरी क्रॅबट्री एकोणीस वर्षं गावचे कारभारी होते, आणि एकोणीस वर्षांत त्यांनी कुणाचं म्हणून ऐकलं नव्हतं.

"पंचांग चुकीचं?" ते खेकसले. "शंभर वर्षं छापतायत ते! तू किती वर्षांचा रे?"

"तेरा. पंचांग बरोबर आहे साहेब, तुम्ही—"

"जा, शिंपले काढ!"

ऑर्फा आजीने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. "एलरीला घड्याळ मीच शिकवलं. म्हणजे, शिकवायचा प्रयत्न केला." मग ती खिडकीबाहेर बघत राहिली. "पण साठ माणसं जेवायला बसल्यावर वाढप सोडून मी कशी बाहेर येऊ? बीन्सचा हंडा आत आला की मला उभं राहायलाच हवं."

थर्झाने विन्स्लोकडे बघितलं. "आणि हंडा आत आलाच नाही तर?"

शनिवारी सभागृहामागच्या खड्ड्यात, निखाऱ्यांखाली, काकवी घातलेल्या बीन्सचा लोखंडी हंडा आदल्या रात्रीपासून पुरलेला होता. तो उचलायचा मजबूत आकडा गावात एकच होता.

चार त्रेचाळीसला सगळे बुटांच्या खोक्यांना भोकं पाडून उभे राहिले. आतल्या कागदावर पडलेल्या सूर्याच्या ठिपक्याचा एवढासा कडेचा तुकडा गेला होता, उंदराने बिस्किट कुरतडावं तसा.

"झालं बरं का!" क्रॅबट्रींनी टाळ्या वाजवल्या. "वर्तमानपत्रवाले उगाच बोभाटा करतात. ठेवा ती खोकी!"

आणि मोठ्या माणसांनी ती खरोखरच खाली ठेवली!

साडेपाचला खड्डा उघडला. आकडा गायब!

"आकडा कुठाय?"

"इथंच तर होता!"

"हाताने उचला की!"

"तूच उचल, हात भाजून घे!"

बघता बघता साठ भुकेली माणसं खड्ड्याभोवती जमली. "माझा हंडा कुठाय?" म्हणत ऑर्फा आजी हातातला डाव न सोडताच बाहेर आली. थर्झाने पटकन तिचा हात धरला.

ऊन करडं पडलं. सीगल ओरडत बेटाकडे निघाले.

"वादळ!" क्रॅबट्री ओरडले. "आत चला! सगळे आत!"

थर्झाने आजीचा हात आणखी घट्ट धरला. आता सगळं फसणार!

"बीन्स इथं टाकून?" एक कोळी गुरगुरला. "डोकं फिरलं का तुझं, एलरी?"

एकही माणूस हलला नाही.

आणि खाडीपलीकडच्या टेकड्यांवरून सावली धावत आली! भर दिवसा रात्र झाली.

"आता, आजी! वर बघ! आता खोकं नको!"

सूर्याच्या जागी काळी चकती होती, आणि तिच्याभोवती पांढरीशुभ्र आभा, वाऱ्यात केस सुटावेत तशी. ऑर्फा आजीच्या हातातला डाव गवतात पडला, तो तिला कळलाही नाही. जेमतेम मिनिटभर! मग चकतीच्या कडेला लख्ख ठिणगी पेटली आणि थर्झाने आजीचे डोळे हाताने झाकले.

विन्स्लोने टोपलीतल्या शिंपल्यांखालून आकडा काढला.

"चोर!" क्रॅबट्री लालबुंद झाले.

"एलरी, गप्प बस," आजी डोळे पुसत म्हणाली. "या दोघांनी चर्चचं घड्याळ आणि समुद्र दोन्ही बघितलं. तू फक्त छापील कागद बघितलास. चौथीत तुला दोनदा बसवलं, तिसऱ्यांदाही बसवायला हवं होतं."

गाव खदखदून हसलं. पहिल्या दोन भरगच्च ताटल्या विन्स्लो आणि थर्झाला मिळाल्या, आणि तो कोळी विन्स्लोची पाठ थोपटून म्हणाला, "शाब्बास! कारभारी तुलाच करायला हवा."

"आजी, इथं पुढचं कधी?" थर्झाने विचारलं.

"एकसष्ट वर्षांनी. तेव्हा मी काही नसेन, पण तुम्ही दोघं असाल. तेव्हाही कुणीतरी एलरी असणारच. त्याच्यावर लक्ष ठेवा!"