जनीबाईचे हात

पेठ तालुक्यातल्या त्या आरोग्यकेंद्रात अडलेल्या सोनीला भरदुपारी आणलं, तेव्हा तिथे पलंग होता, औषधं होती, दूरच्या डॉक्टरांशी बोलायचा भिंतीएवढा पडदा होता. आडवं आलेलं मूल फिरवणारा हात मात्र साऱ्या तालुक्यात उरला नव्हता.

पूर्वी इथल्या परिचारिका विमानात बसून श्रीमंत देशांत जायच्या. घरं ओकीबोकी व्हायची. पण माणूस गौरी-गणपतीला तरी परतायचं, पोरांना चॉकलेटं आणायचं. आता माणूस जात नाही. कसब तेवढं जातं.

याला 'कसबउपसा' म्हणतात. हाताला लागलेलं वळण मेंदूतल्या पेशींच्या जोडण्यांत साठतं. यंत्र त्या जोडण्या वाचून दुसऱ्याच्या मेंदूत उमटवतं. पण वीण समजून घ्यायला स्वेटर उसवावा, तशा वाचताना त्या उसवतात. म्हणून कसबाची नक्कल निघत नाही. ते इथून निघतं आणि तिथे पोचतं. कुठून कुठे, हे बाजार ठरवतो.

सोनीची सासू जनीबाई गावित चाळीस वर्षं सुईणपण करत होती. दोन वर्षांपूर्वी मेंदूतज्ज्ञ डॉ. नीरजा लिमये यंत्र घेऊन आल्या, तेव्हा पहिला अंगठा तिनेच उठवला. बदल्यात गावाला हे केंद्र मिळालं.

"कागदात सगळं लिहिलं होतं, जनीबाई. मी वाचूनही दाखवलं होतं," आज केंद्राच्या तपासणीला आलेल्या नीरजाताई म्हणाल्या.

"दाखवलं की. पर मला वाटलं, शिकवायचंच हाय. सात बायांना शिकवलं म्या. शिकवून कवा कमी झालं?"

"मग त्या सात जणींना बोलवा ना!"

"त्या बी बसल्या तुमच्या यंत्राखाली. मी बसले, म्हून बसल्या."

नाशिकहून निघालेली रुग्णवाहिका घाटात दरडीपाशी अडकली होती. नीरजाताईंनी पडद्यावर सुईणीचं कसब विकत घेतलेलं उत्तरेकडच्या एका देशातलं इस्पितळ जोडलं. आस्त्रिद नावाची तरुण परिचारिका समोर आली. तिचं बोलणं यंत्र मराठीत सांगत होतं.

तिने हाताला तेल लावलं आणि समोरच्या उशीवर अंगठा तीनदा टेकवला.

"अगं, ह्ये तर माझं!" जनीबाई पुढे सरकली. "तीनदा टेकवायचं, मंग हात फिरवायचा."

"असं का करतात, मला माहीत नाही," आस्त्रिद म्हणाली. "हात आपोआप करतात."

"किती दाबायचं, ते सांगा," नीरजाताई घाईने म्हणाल्या.

"ते सांगता येत नाही. हाताला कळतं." ती ओशाळली. "खरं तर आमच्याकडे तशी वेळच येत नाही. लगेच शस्त्रक्रिया होते. पण आयांना हा जुना स्पर्श आवडतो."

जनीबाई पडद्यावरच्या हातांकडे बघत राहिली. गोऱ्या, लांब बोटांचे ते हात तिचेच होते.

सोनी कण्हली. "आई, बघत काय बसलाय? टीव्ही नाय तो. या ना."

जनीबाईने तेल घेतलं. पडद्याकडे बघत, पोरीसोरी नक्कल करतात तसा, अंगठा तीनदा टेकवला. मग दोन्ही तळवे पोटावर ठेवले.

सोनीने डोळे मिटले. "हात लावला तुमी. आता भ्या नाय मला."

तळव्यांखाली नुसतं ताणलेलं, गरम पोट होतं. डोकं कुठे, पाय कुठे, जनीबाईला काहीच कळत नव्हतं.

तिने हात उचलले नाहीत.