दोन बारीक, एक लांब

खाली कोणी "मस्त स्टोरी भाऊ" अशी कमेंट टाकली तर मला राग येईल. आधीच सांगून ठेवतो.

ही स्टोरी नाही. यातला माणूस माझ्या सख्ख्या बहिणीचा नवरा आहे.

मी विनोद. भंडारा जिल्ह्यात फायबरच्या लाईनी दुरुस्त करतो. हे घडलं गेल्या पौषात, एका संध्याकाळी. साकोलीकडे, एकोडीच्या पुढच्या एका गावात. गावाचं नाव सांगणार नाही. तिथल्या लोकांना अजून काही माहीत नाही, आणि माहीत नाही तेच बरं.

आधी कामाचं थोडं समजून घ्या, नाहीतर पुढचं कळणार नाही.

फायबर म्हणजे काचेची बारीक तार. तिच्या टोकाला कनेक्टर असतो. दोन कनेक्टर तोंडाला तोंड लावून जोडले की त्यातून उजेड जातो. मध्ये धुळीचा एक कण आला तरी लाईन बोंबलते. म्हणून जोडायच्या आधी स्कोपमध्ये बघायचं. स्कोप म्हणजे छोटा कॅमेरा, त्याला स्क्रीन असते. बघायचं, पुसायचं, परत बघायचं, मगच जोडायचं.

न बघता जोडलं, तर एका तोंडावरचं दुसऱ्या तोंडावर जातं.

हे लक्षात ठेवा.

आणि फुंकर कधीच मारायची नाही. तोंडाची वाफ काचेवर बसते.

आमचा बुधराम हे कधी ऐकायचा नाही. बुधराम म्हणजे माझ्या बहिणीचा जेठ, तिच्या नवऱ्याचा, लिलाधरचा मोठा भाऊ. घरचा धंदा तलावातल्या मासोळीचा, पण दोघं भाऊ माझ्यासोबत या कामात आले. बुधराम कनेक्टर छान पुसायचा आणि मग हमखास फुंकायचा. दोन बारीक फुंकरा... मग एक लांब.

मी शिव्या घालायचो. तो हसायचा. "फुकल्याशिवाय मले बरं नाही वाटत, भाऊ. सवय पडून गेली."

लिलाधर त्याच्या उलट. फुंकर म्हटली की त्याला चीड यायची. भावाच्या हातातला कनेक्टर हिसकून तो परत पुसायचा.

त्या गावात ग्रामपंचायतीच्या मागे एक खोली आहे. भिंतीवर फायबरची पेटी. खिडकीतून तलाव दिसतो. त्या पौषाच्या वर्षभर आधी बुधराम तिथे एकटा काम करायला गेला होता.

संध्याकाळी तो तलावात सापडला.

कमरेएवढ्या पाण्यात. चालायच्या आधी पोहायला शिकलेला माणूस!

डॉक्टर म्हणाले, छातीत पाणी नाही. बुडालेला नाही. नुसता श्वास संपला.

त्यानंतर लिलाधरने तलावाच्या पाण्यात पाय घातला नाही. मासोळी खाणंही सोडलं.

वर्ष गेलं. मग त्याच खोलीतली लाईन रोज दिवस मावळताना पडायला लागली. ऑफिसने सांगितलं, कनेक्टर साफ करून या. मी लिलाधरला म्हटलं, तू नको येऊस. तो ऐकेना.

आम्ही पोचलो तेव्हा ऊन उतरलं होतं. धान केव्हाच कापून झालेलं, शेताच्या बांध्या मोकळ्या पडलेल्या. थंडी चांगलीच होती. खोलीत बोलताना आमच्या तोंडातून वाफ निघत होती.

मी पेटीचा कनेक्टर काढला. पुसला. स्कोपमध्ये बघितला. स्वच्छ.

मग पेटीच्या भोकात स्कोप घातला, आतल्या बाजूचं तोंड बघायला.

स्क्रीनवर गोल करडी चकती आली. मध्ये ठिपका. तीही स्वच्छ.

आणि मग... चकतीवर वाफ आली.

आली, आणि विरली.

मी म्हटलं, दव असेल. क्लिनरने पुसलं. परत स्कोप लावला.

परत वाफ.

अहो, ते भोक स्कोपने गच्च बंद होतं. पलीकडे सीलबंद पेटी आणि त्यामागे भिंत. आत हवा शिरायला जागा नाही.

खिडकीबाहेर तलावावर बगळे ओरडत होते. ते एकदम थांबले.

स्क्रीनवर थोडी वाफ आली. गेली. परत थोडी आली. गेली. मग पूर्ण चकती भरेल एवढी...

दोन बारीक. एक लांब.

मी लिलाधरकडे बघितलं. त्याचे डोळे भरून आले होते.

"दादा हाय," तो म्हणाला.

"काही दादा-बिदा नाही. दव हाय. सरक, मले पुसू दे."

"वर्सभर तो आतमंदी एकटाच फुकून राहिला, भाऊ. अन् तू त्याले पुसून राहिला?"

"लिलाधर, ते जोडू नको! आधी पाहू दे मले!"

त्याने माझ्या हातातला कनेक्टर घेतला. ओठांजवळ नेला. ज्या माणसाला फुंकरीची चीड होती, त्याने आयुष्यात पहिल्यांदा कनेक्टरवर फुंकर मारली.

आणि न बघता जोडला.

क्लिक.

पेटीवरचा हिरवा दिवा लागला. मीटरवर लाईन इतकी चांगली दिसली की माझा विश्वास बसेना. लिलाधर भिंतीला कपाळ टेकवून उभा होता. मी हाक मारली. पहिल्या हाकेला त्याने ओ दिली नाही.

मग वळला. हसला. "चाल भाऊ, भूक लागली."

जाताना तलावाच्या पाळीवर त्याने गाडी थांबवायला सांगितली. खाली उतरून घोटाभर पाण्यात उभा राहिला आणि तोंड धुतलं.

मी गाडी चालूच ठेवली.

पुढच्याच आठवड्यात बहिणीने बोलावलं. माझी बहीण रेणू, लिलाधरची बायको. सकाळी अंगणात शेकोटी पेटली होती. रेणू, तिची सासू गीताबाई, लिलाधर आणि मी. धुकं दाट होतं. बोललं की प्रत्येकाच्या तोंडातून वाफ निघत होती.

लिलाधर सगळ्यात जास्त बोलत होता. मोठ्याने हसत होता.

त्याच्या तोंडातून वाफ निघत नव्हती...

मी बघतच राहिलो. तेवढ्यात गीताबाई म्हणाल्या, "बुध्या, चूल पाय रे, दूध उतू जाईन."

"जातो, माय," म्हणत लिलाधर उठला.

चुकून हाक मारली असेल म्हणून मी गीताबाईंकडे बघितलं. त्या म्हातारीने माझा हात घट्ट धरला.

"काही इचारू नोको, विनोद. माह्यं लेकरू घरी आलं."

"कोणतं, मावशी?"

त्यांनी हात सोडला.

रेणू मला गोठ्यामागे घेऊन गेली. रडून तिचा आवाज बसला होता. "भाऊ, हे रात्री झोपले का मी नाकापुढे हात धरून पायतो. हवाच नाही लागत. अन् परवा मले म्हनते, जेठजी म्हनत तसं, वहिनी पानी दे. मले! वहिनी! काय झालं तिथं?"

मी त्याच दुपारी त्या खोलीत गेलो. एकटा. भीती वाटत होती, खोटं कशाला बोलू. पण बहीण माझी आहे.

कनेक्टर काढला. पेटीच्या भोकात स्कोप घातला.

चकतीवर वाफ होती. पण आता दोन बारीक, एक लांब असं नव्हतं. भराभर येत होती, भराभर जात होती. धाप लागलेला माणूस दार बडवतो ना, तसं.

मी पेटीला तोंड लावून हाक मारली. "लिलाधर?"

वाफ थांबली...

मग एवढी आली की स्क्रीन पांढरी झाली. जाईचना.

आणि माझा फोन वाजला. रेणू ओरडत होती. "भाऊ, हे पडले! बोलता बोलता पडले! हात-पाय थंडे पडले!"

मला काही सुचलं नाही. स्कोप ओढला आणि कनेक्टर परत ठोकला. पुसला नाही. बघितला नाही.

क्लिक.

"उठले," रेणू म्हणाली. "उठून बसले, भाऊ."

मी विचारलं, "कोण उठलं, रेणू?"

मागून हसण्याचा आवाज येत होता. मग तिने फोन ठेवला.

त्या पेटीवर मी "हात लावू नये" असं लिहून चिकटवलं आहे. पण लाईन परत पडायला लागली आहे. आज ऑफिसचा मेसेज आला, उद्या दुसरी टीम साफ करायला जाणार. मी फोन केले, हातापाया पडलो. सगळे हसतात.

त्यांनी कनेक्टर काढला तर माझ्या बहिणीच्या घरी कोणीतरी पडेल. नाही काढला, तर आत माझा लिलाधर धापा टाकत राहील.

मी सकाळी त्यांच्या आधी तिथे पोचणार आहे. पोचून काय करायचं, ते अजून ठरत नाही.